भिंगरीचे गोल आणि माझा घसा

४ मार्च, सकाळी ७
डॉक्टर म्हणाला, प्रेशर वाढलंय, चिडू नका. ठरलं. आजपासून चिडणे बंद.

सकाळी ७.२०
पेपर आला. नातीच्या फुटबॉल टीमवर सहा ओळी, त्यातल्या दोन हवामानाच्या. शेवटी लिहिलंय, "फॉरवर्ड पुन्हा निष्प्रभ." निष्प्रभ तुझा बाप! एकोणीस वर्षांची पोर, क्लबच्या पगारावर खेळते, मागच्या मोसमात चौदा गोल केले. या खेपेला पाच सामने झाले, एकही नाही. करार मेअखेर संपतो. क्लब म्हणतो, उरलेले दोन सामने बघू, मग ठरवू. बघू म्हणे! आमची भिंगरी काय भाड्याची खोली आहे बघायला?

कारण मला एकट्याला कळलंय. बूट. सातवी शिकलो, पण बुटांच्या कारखान्यात तळ शिवायच्या खात्यात एकतीस वर्षं काढली. कंपनीचे हे बूट म्हणजे नुसता गोंद. तिचे बूट उसवून मेणाच्या दोऱ्याने पक्के शिवले. तिला सांगितलं नाही. सरप्राइज.

६ मार्च
प्रॅक्टिसला गेलो. कोचबाईंना अगदी नम्रपणे सांगितलं की तुम्हाला यातलं कळत नाही. त्या म्हणाल्या, आजोबा, आधी रेषेच्या बाहेर व्हा. झालो. मग म्हणाल्या, बूट-बिट काही नाही, पोरगी फार लवकर शॉट मारते. सामन्यात कुणीतरी स्टँडमधून "मार! मार!" ओरडतं आणि हिचा पाय उठतो. म्हटलं, कोण तो मूर्ख, दाखवा मला, मी बघतो त्याच्याकडे. त्या माझ्याकडे नुसत्या बघत राहिल्या. शिकलेल्या लोकांचं हे असंच. सरळ उत्तर म्हणून देणार नाहीत.

टीमचं सामान सांभाळणारा गेटपर्यंत पिशवी घेऊन मागे आला. काका, हे बूट कुणी शिवले? आत पाय जात नाही. म्हटलं, पाय वाढला असेल. पिशवी घेऊन घरी आलो.

१० मार्च
सामना. शून्य-शून्य. पहिल्या मिनिटापासून मी तिला धीर देत होतो. शेजारचा चष्मेवाला म्हणाला, काका, जरा बसता का, तिकीट मीही काढलंय. त्याला सुनावलं, तिकीट काढलंस, पण नात कुठाय तुझी मैदानात? उठून मागच्या रांगेत गेला. भिंगरीने सात शॉट मारले. सातही लांबून, सातही गोलकीपरच्या हातात. घरपोच दुधाची पिशवी द्यावी तसे.

घरी मुलगी, भिंगरीची आई, माझ्यावरच घसरली. बाबा, तुम्ही ओरडता म्हणून ती मारते. सहा वर्षांची होती तेव्हा जिन्याखालच्या बोळात तुम्ही रबरी बॉल टाकायचात, "मार" म्हणायचात, आणि ती क्षणभर थांबली तरी पुन्हा पहिल्यापासून. आठवतंय का? म्हटलं, आठवतंय म्हणजे काय, तोच तर पाया! ती कपाळाला हात लावून आत गेली. कृतघ्न घर आहे हे.

१२ मार्च
भिंगरी स्वतः आली, माझ्या पलंगाच्या कडेवर बसली. म्हणाली, आबा, शेवटचा सामना आहे, सगळं त्याच्यावर आहे. यायचं तर या, पण तोंड उघडू नका. मैदानात मला तुमच्याशिवाय दुसरं काही ऐकूच येत नाही.

म्हणजे बघा. कोचबाईंच्या आधी माझं ऐकते. पोरीच्या समाधानासाठी शब्द दिला.

१३ मार्च
गप्प बसण्याचा सराव सुरू. अकरा मिनिटं जमलं. मग खालच्या मजल्यावरच्याने पुन्हा जिन्याच्या तोंडाशी स्कूटर लावली. त्यात माझा काय दोष?

१६ मार्च
चोवीस मिनिटं. मधे डोळा लागला होता, तो धरून. खोकल्याच्या गोळ्या आणल्या आहेत. तोंडात गोळी असली की शब्द बाहेर पडत नाही. तयारी पूर्ण.

१७ मार्च, संध्याकाळ
क्लबची मोठी माणसं वरच्या खुर्च्यांवर बसलेली. मी एकाहत्तर मिनिटं गप्प. रेफरीने उघडउघड पेनल्टी नाकारली, गप्प. मागच्या एकाने माझ्या नातीला ओंडका म्हटलं, गोळी चावून फोडली, पण गप्प. एवढा संयम या घरात कुणी दाखवलाय का?

बहात्तराव्या मिनिटाला बॉल तिच्या पायात आला. समोर एकटी गोलकीपर, तीही धावत पुढे आलेली. थोडं थांबून वळसा घातला की अख्खा गोल मोकळा. मी फक्त उभा राहिलो. शब्द आपोआप गेला. एकदाच! तिने मारला. गोलकीपरच्या गुडघ्याला लागून बॉल बाहेर.

तिने गोलकडे पाहिलंच नाही. कमरेवर हात ठेवून स्टँडकडे बघत राहिली. एवढ्या गर्दीत मला शोधत होती. पोरीला आधार लागतो माझा. कोचबाईंनी तिला तिथेच बदलून बाहेर बसवलं. निव्वळ खुन्नस.

एक-शून्यने हरलो. येताना बसमध्ये ती माझ्या शेजारी बसली नाही. जागा होती.

२१ मार्च
करार वाढवला नाही. दोन ओळींचा कागद, खाली सही, तीही वाचता येत नाही. मी क्लबला चार पानी पत्र लिहिलं, त्यात सगळ्यांची लायकी काढली. मुलगी म्हणाली, द्या इकडे, मी टाकते पोस्टात. अजून उत्तर नाही.

२ जून
कोचबाईंनीच म्हणे शब्द टाकला. बारा तासांवरचा क्लब, एक पायरी खालचा, तोही एका मोसमापुरता. इथून हाकलायचं आणि वर उपकार करायचे! मी सोबत जाणार हे कधीच ठरवलं होतं. एक खोली, एक शेगडी, सरावाला मी. बॅग भरून दारात ठेवली.

भिंगरीने माझी बॅग उचलली. वाटलं, खाली नेते आहे. तिने ती परत माझ्या पलंगाखाली सरकवली. म्हणाली, आबा, तुम्ही नका येऊ. रागावली नव्हती. रागावली असती तर भांडता आलं असतं.

९ ऑगस्ट
तिचा तिकडचा पहिला सामना. टीव्हीवर नाही. मुलगी मोबाइल घेऊन बसली होती, मी शेंगा सोलत होतो. एकदम ओरडली, बाबा, गोल! भिंगरीचा!

म्हटलं, कसा? तासाभराने व्हिडिओ आला. बॉल तिच्या पायात. गोलकीपर पुढे धावत आली. ती थांबली. इतकी थांबली की वाटलं, गेला आता. गोलकीपर आडवी पडली, मग ही तिच्या बाजूने चालत गेल्यासारखी गेली आणि बॉल आत सरकवला.

विचारलं, थांब म्हणून कुणी सांगितलं तिला? मुलगी म्हणाली, कुणी नाही, बाबा.

पुन्हा लाव म्हटलं. चार वेळा पाहिला. चारही वेळा मी "मार" म्हणालो. चारही वेळा ती थांबली.