दुसरी हाळी

१४ नोव्हें.
पोलादपूरच्या वर, डोंगरातली वाडी. घराघराला कुलूप, माणसं मुंबईला. राहते ती पारूआजी आणि तिची गाय. आता मी, कॅमेऱ्यासकट. माझ्या फिल्ममध्ये गोष्ट नाही, संवाद नाहीत. एक ओटी, एक बाई. लग्नांची शूटिंगं करून पोट भरणारीला हे डोहाळे कुठून लागले कोण जाणे.

१५ नोव्हें.
दिवेलागणीला आजी अंगणाच्या कडेला जाऊन ओरडली, "सखू गोऽऽ!" दरीपलीकडच्या डोंगरावरून "ओऽऽ!" तिकडे सखूबाई, तीही एकटीच. रोज एक हाळी, एक ओ. फोन आहेत, रेंज नाही.
"दोनदा हाळी दिली तर?"
"तर कायतरी झालाय. मंग निघायचा."
फिल्म सापडली. माझ्या बिरवाडीच्या खोलीवर मला ओ देणारं कोण आहे, हेही मनात येऊन गेलं.

१७ नोव्हें.
माती खाल्ली. हाळीच्या वेळी माइकात वारा भरला. म्हटलं, आजी, परत एकदा. ती नको म्हणत होती, मी हट्ट धरला. माझ्यासाठी दिली तिने.
पुरतं अंधारल्यावर सखूबाई दारात. ओढा उतरून, चढण चढून आलेली. गुडघा खरचटलेला, पदरात ओवा आणि हळद बांधलेली. "काय झाला गो?" मीच सांगितलं, शूटिंग होतं. सखूबाईने पदराची गाठ सोडून ओवा-हळद ओटीवर ठेवली. शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

१८ नोव्हें.
सखूबाई सकाळी गेली. जाताना आजीला म्हणाली, "आता दोनदा हाळी दिलीस तर मी काय समजू?"
संध्याकाळी ओ आली. उशिरा, बारीक.

१९ नोव्हें.
कॅमेरा बॅगेत. उद्या खाली उतरायचं ठरवलं. आजी रागावलेली नाही, त्याचंच जास्त लागतंय.

२० नोव्हें.
ऊन कलल्यावर निघणार, तेवढ्यात आजी गोठ्यात घसरली. पाय हलवू देत नाही. मला एकटीला उचलवत नाही. रेंजसाठी खाली जायचं तर तिच्यापाशी कुणीतरी हवं.
मीच हाळी दिली. ओ आली. लगेच दुसरी दिली, घसा फाटेस्तोवर.
पलीकडून काही नाही. निघाली असेल, किंवा घरात गेली असेल. तिसऱ्या हाळीची इथे रीत नाही.
ओढ्याकडची वाट दिसते तोवर बघतेय. कुणी नाही.
आजीने विचारलं, "येतेय का गो सखू?"
मी म्हटलं, येतेय.