दुपारचा सुइलव्हन

प्रिय उना,

जवळ गेलं की करडा-तपकिरी असणारा डोंगर लांबून निळा का दिसतो, हे तू लहानपणी मला विचारलं होतंस. आपण सुइलव्हन डोंगराच्या पायथ्यापर्यंत चालत गेलो. तिथे निळं काहीच सापडेना, म्हणून तू माझ्यावरच रुसलीस. मी समजावलं होतं, की तो निळेपणा मधल्या हवेचा. जितकी हवा अधिक, तितका निळेपणा जास्त. म्हणून पुढची झुडपं तांबूस, मधला माळ धुरकट आणि शेवटी तो निळा. एवढ्या एका क्रमावर मी चित्रं काढत आयुष्य काढलं.

गेल्या उन्हाळ्यापासून तो निळा आटू लागला. मी आधी हवेला दोष दिला, मग रंगांच्या कारखान्याला, मग खिडकीला. काच धुतली, तरी तेच. शेवटी मर्डो मासे द्यायला आला आणि ओलं चित्र बघून म्हणाला, "संध्याकाळ झकास जमलीय रे हेक्टर! पण तू तर दुपारच्या जेवणाआधीच घरी परतला होतास ना?" तो हसला, मीही हसलो. तो गेल्यावर मात्र मी चित्र भिंतीकडे तोंड करून ठेवलं. मी भर दुपार रंगवली होती.

एडिंबराच्या डॉक्टरांनी नीट समजावलं. डोळ्यातलं भिंग पिवळं पडत जातं. आपल्या दलदलीतून येणाऱ्या, कोऱ्या चहासारख्या ओढ्याच्या पाण्यातून पाहावं, तसं दिसू लागतं. मग निळा आणि तपकिरी यांतला फरकच हरवतो, आणि हरवला हेही कळत नाही. डाव्या डोळ्याची शस्त्रक्रिया फसली. तिथे आता उजेडही नाही. उजव्याला हात लावायला ते तयार नाहीत. फार उशीर केलात, म्हणाले. परवा मी ब्रश बांधून ठेवले, सोडले, पुन्हा बांधले. सकाळी डोळे उघडण्याआधी मी डोंगर आठवून घेतो, कारण उघडल्यावर तो नसतो.

तुझे आजोबा, माझे वडील, शेवटी शेवटी निळा मफलर काळा म्हणत. आपण हसायचो, आठवतं?

काल ॲरन बेटावरून तुझं चित्र पोचलं. मला त्यात काहीच वावगं दिसलं नाही. चित्राच्या पाठीमागे तू बारीक अक्षरात लिहिलेलं मर्डोकडून वाचून घेतलं: 'ॲरन, भर दुपार'. मर्डोने चित्र उलटसुलट केलं. मग हळूच म्हणाला, "हेक्टर, पोरीनंही संध्याकाळच काढलीय रे."

उना, माझ्यासाठी एवढं कर. उद्या दुपारी, चांगलं ऊन असताना, खिडकीशी उभी राहा आणि दूरचा डोंगर बघ. आधी उजवा डोळा तळहाताने झाक, दाबू नकोस. मग डावा. बहुतेकांचा एक डोळा दुसऱ्याच्या आधी पिवळा पडू लागतो, म्हणून ही तुलना सुरुवातीलाच शक्य असते. मला ती आता करता येत नाही. दोन्ही वेळा निळा अगदी सारखा दिसला, तरी डॉक्टरांना एकदा डोळे दाखव, आणि मला एकच ओळ लिही, 'म्हातारा घाबरट आहे.' पण एका डोळ्याला जरी तो ओढ्याच्या पाण्यातून पाहिल्यासारखा वाटला, तर पत्र लिहीत बसू नकोस. अंगात कोट चढव आणि त्याच दुपारी डॉक्टरांकडे नीघ.

तुझाच,
बाबा