अजगराचा दिवा

शालू, तुला दादाचे अनेक आशीर्वाद. आईचा गुडघा कसा आहे?

मी बरा आहे. वर्ल्ड कपच्या स्टेडियमवर साधी चक्कर आली, म्हणून आता मला बंगल्यांच्या वायरिंगवर टाकलंय. आईला सांगू नकोस.

नागपंचमीला इथल्या अबू हमूर भागातल्या एका बंगल्यात गेलो. मालकांच्या मुलीनं, नूपुरनं, काचेच्या पेटीत अजगराचं पिल्लू पाळलंय. बाहेर एवढी आग, आणि पेटीवर गरम दिवा! आजच्या दिवशी तरी जीव भाजायला नको, म्हणून मी दिवा बंद केला, एसी आणखी गार केला आणि हात जोडले. संध्याकाळपर्यंत ते गारठून निपचित पडलं.

नूपुर रडायलाच लागली. "काका, त्याला एका कोपऱ्यात ऊब लागतेच. जास्त झाली की तो स्वतःच गार बाजूला जातो." दिवा लावल्यावर ते हळूहळू हललं.

मी उन्हानं आडवा झालो, आणि ते उबेवाचून.

तू उपास भावासाठी धरतेस आणि पूजा नागाची करतेस. यंदा आम्ही दोघंही वाचलो. तुझा उपास नक्की कुणाला लागू पडला गं?

तुझा,
सुदामदादा