परशूबाबांचं रीळ

१७ फेब्रुवारी १९२७, कुंभारवाडा

आणलेल्या चार रिळांपैकी तीन संपली. उरलेलं एक शिमग्याच्या नाचासाठी. तो नाच नेला नाही तर कोल्हापूरला तोंड दाखवायची सोय नाही — सिनेमा कंपनीच्या मालकांनी निघताना बजावलंय, "रानातलं खरंखुरं आणा. नाटक आणलंत तर नोकरी गेली समजा."

इथे मात्र सगळ्यांनाच पेटीत जायचंय — कॅमेऱ्याला हे पेटीच म्हणतात! नाही कसं म्हणू? कॅमेऱ्यात रीळ न घालताच हँडल फिरवतो. धंद्यात सगळेच करतात.

२१ फेब्रुवारी

ज्यांच्या पडवीत उतरलोय ते परशूबाबा सकाळीच कोयता घेऊन उभे. "आमची कुमरी काढून घ्या. माझ्यामागं कुणाला येती?" कुमरी म्हणजे रान तोडून जाळायचं आणि राखेत नाचणी पेरायची. सरकारनं कधीच बंद केलीय. म्हाताऱ्यानं चुलीतली राख अंगणात पसरली आणि नसलेलं बी पेरत तासभर वाकून फिरला. म्हटलं, हे तर नाटकच. रिकामी पेटी फिरवली. वर "झकास" म्हणालो.

२६ फेब्रुवारी

परशूबाबा गेले. तीन दिवसांचा ताप. शेवटपर्यंत विचारत होते, "चित्र कवा दावणार?"

नाटक कसलं! हातापायांना सगळं पाठ होतं. माझीच अक्कल शेण खायला गेली होती.

१ मार्च

त्यांचा मुलगा वासू येणाऱ्याजाणाऱ्याला सांगतोय, "आमचा बा पेटीत हाय."

७ मार्च

दहावा. ओढ्याकाठी पिंड ठेवला. कावळे झाडावर, खाली एकही उतरेना. शेत नीट बघतो, आईला सांभाळतो — वासूनं सगळे शब्द देऊन पाहिले. मग माझा दंड धरला. "त्यास्नी चित्राचीच आस हाय. दावतो म्हणून सांगा, सायेब."

पिंडापुढे वाकलो. ओठांतल्या ओठांत म्हणालो, "बाबा, पेटी रिकामी होती." मागे सरलो आणि कावळा शिवला.

वासू माझ्या पाया पडला. पावसाआधी अख्खं घर कोल्हापूरला येणार आहे, चित्र बघायला.

८ मार्च

परशूबाबांच्या बायकोनं, गिरजाबाईंनी, विचारलं, "काय बोललासा त्यांच्यापाशी?" आणखी खोटं बोलायची ताकद नव्हती. सांगून टाकलं.

त्या एवढंच म्हणाल्या — "पोराला सांगू नगासा."

१२ मार्च

वासू लाकूडतोडीला गेल्यावर गिरजाबाई नवऱ्याचं कांबळं डोक्यावरून घेऊन अंगणात आल्या. हातात परशूबाबांचाच कोयता. राख स्वतः पसरली. "पाठमोरं काढा. वाकल्यावर कोण वळखतंय?"

शिमग्यासाठी राखलेलं शेवटचं रीळ पेटीत घातलं. संपलं तेव्हा तसं सांगितलं. त्या पेरतच राहिल्या.