रविवारची लाईव्ह मॅच

आणे, ता. जुन्नर
मंगळवार, दि. १८ नोव्हेंबर २०२५

चि. ऋतिक यास भरतनानाचे आशीर्वाद.

आम्ही सगळे बरे आहोत. तुझ्या आईची शुगर आटोक्यात आहे, गोळी मी समोर उभा राहून वहिनींना घ्यायला लावतो. कांद्याचं रोप यंदा चांगलं उतरलं आहे. दुकानात दुरुस्तीला आलेल्या, जळालेल्या पाण्याच्या मोटारींचा ढीग लागला आहे, कारण आपल्या पठारावर लाईट येते ती पाहुण्यासारखी, तोंड दाखवते आणि जाते.

हे पत्र क्लबच्या पत्त्यावर न येता, तू वहिनींना शाल पाठवलीस त्या पार्सलवरच्या पत्त्यावर का आलं, ते पुढे येतं आहे. दमाने वाच. फोनवरच बोललो असतो, पण तुझा फोन आला की वहिनी स्पीकर लावतात आणि चुलीपाशी निम्मी आळी गोळा होते.

आधी गावाचं. गावाने माझं डोकं उठवलं आहे. यात्रेत तुझा सत्कार करायचा ठराव झाला. फ्लेक्सचा नमुना माझ्याकडे आला, त्यावर लिहिलेलं 'आंतरराष्ट्रीय व्हॉलीबॉलपटू'. परत पाठवला. दुसरा आला, त्यात बास्केटबॉल लिहिलं, पण तुझ्या हातात दिला फुटबॉल. सरपंच मलाच म्हणतात, "नाना, बॉल गोल हाय ना? मंग झालं तर!" मी म्हटलं, कलिंगडही गोल असतं, ते का नाही दिलं? तेव्हापासून माझ्याशी बोलत नाहीत.

आणि रविवारी आपल्या पडवीत टीव्हीसमोर सोपान. दुधाची किटली घेऊन येतो आणि मॅच संपेपर्यंत हलत नाही. एवढी वर्षं झाली, अजून विचारतो, "नाना, टोपलीला बूडच न्हाई, बॉल खाली पडूनच जातो. मंग टाकायचा कशाला?" मी सातवी शिकलेला माणूस. इंग्रजी नियमपुस्तक डिक्शनरी मांडीवर घेऊन दोन हिवाळे वाचलं, कुणी शिकवलं नाही. तीन सेकंदांचा नियम या पंचक्रोशीत माझ्याइतका कोणाला येत असेल तर त्याने समोर यावं. आणि मी समजावतो कोणाला, तर सोपानला!

असो. आता तुझ्याकडे वळतो.

गेल्या महिन्यात व्हिडिओ कॉलवर तू जर्सी घालून बसला होतास. छातीवर टायरवाल्यांची जाहिरात. बाबा रे, ती गेल्या सालची जर्सी. यंदा तुमच्या क्लबच्या छातीवर बँक आहे. क्लबच्या पानावर सगळ्या खेळाडूंचे फोटो आहेत आणि तुझा चौदा नंबर एका लांबड्या सर्बियन पोराच्या पाठीवर आहे. तू बसला होतास त्याच्या मागे खोकी होती, छतापर्यंत. तू म्हणालास, क्लबचं सामान आहे. कुठला क्लब टाईल्सची खोकी ठेवतो? खोक्यावर चित्र होतं, ऋतिक. मी काय आंधळा आहे?

एप्रिलात तू पडलास ती मॅच आपण खरंच लाईव्ह पाहिली होती. दोघांनी तुला उचलून नेलं. तू सांगितलंस, नुसता गुडघा मुरगळला आहे. मग सांगितलंस, पुढच्या सालचा करार झाला. नुसत्या मुरगळण्याने माणूस जिना उतरायला इतके महिने कठडा धरत नाही. तेही मी फोनमध्ये पाहिलं.

आता तू म्हणशील, मग नाना, रविवारी तुम्ही पाहता तरी काय?

गेल्या सालच्या मॅच. मी लावतो. वरचा तारखेचा कोपरा झाकला जाईल असा गणपतीचा हार टीव्हीवर सोडतो. बैलगाड्यांच्या शर्यतीच्या घाटात माईक माझ्या हातात असतो, तिथे कुणाची गाडा पळवायची बारी चुकीची पुकारली असं आजवर झालं नाही. आणि घरात मी शिळी मॅच ताजी म्हणून वाढतो. का? तर तू आईला सांगून मोकळा, "आई, रविवारी मॅच आहे हां." तुझ्या थापेची हमाली माझ्या डोक्यावर. शर्यतीतल्यासारखं 'उचलली, उचलली, भिर्रर्र!' असं ओरडायचं, आणि बॉल कुठे जाणार ते आधीच ठाऊक. घसा बसतो तो निराळाच.

परवाच्या रविवारी तू कोपऱ्यातून बॉल उचललास. मी सुरू केलं, "आला, आपला ऋतिक आला..." वहिनी शेंगा फोडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "आता रिंगला लागून भाईर यील."

आणि आला बाहेर.

सोपान उडालाच. "वहिनी, अंगात येतं काय तुमच्या?" त्या हसल्या, त्याची किटली त्याच्या हातात दिली आणि त्याला वाटेला लावलं. मग मला म्हणाल्या, "भावजी, तुमीबी त्याच जागेला तेच वरडता. मला पहिल्याच खेपेला कळलं व्हतं."

मी म्हटलं, मग बोलला का नाहीत?

"काय बोलायचं? तुमी माझ्यासाठी लावता, तो माझ्यासाठी बोलतो. पळताना दिसतो तेवढाच. लावा तुमी."

मला एकदम इतका राग आला, की टीव्हीचं बटण हाताने बंद करायच्या ऐवजी वायरच उपटली. राग कोणाचा, ते अजून ठरत नाही. पण बराचसा तुझाच आहे.

आपल्याकडे बैलाचा पाय दुखावला तर मालक काय करतो, तू लहानपणापासून पाहिलं आहेस. शर्यतीचं टोकन हातात असतं, माणसं जमलेली असतात. तरी तो सरळ माझ्यापाशी येतो आणि सांगतो, "नाना, पुकारा, आमची बारी काढून घेतली." मी पुकारतो. एक माणूस हसत नाही. उलट चार जण बैलाचा पाय बघायला जातात. बैलाची गोष्ट मालक माईकवर सांगतो, आणि तू स्वतःच्या पायाची गोष्ट जन्म दिलेल्या बाईला सांगू शकत नाहीस?

खोकी उचलतोस त्याचं मला काही नाही. मीही मोटारी उचलतो. पण तसल्या गुडघ्याने उचलतोस, त्याचं आहे. डॉक्टर काय म्हणाले? ऑपरेशन करायचं का? कुठे? हे प्रश्न मला पडतात, आणि विचारायचे कुणाला, तर टीव्हीला?

सत्काराचं मी कमिटीला अजून काही बोललेलो नाही. यायचं असेल तर लंगडत ये. फेटा डोक्याला बांधतात, गुडघ्याला नाही. नाही यायचं तर तसं सांग, फ्लेक्स रद्द केल्याचा आनंद मी एकटा साजरा करीन.

येत्या रविवारपासून मी मॅच लावणार नाही. स्पीडपोस्टच्या नंबरावरून पत्र तुला कधी मिळालं ते मला दुकानात बसून कळतं, तेव्हा मिळालं नाही म्हणू नकोस. मिळालं की फोन कर. मी स्पीकर बंद करून फोन वहिनींच्या हातात देईन आणि सोपानला घेऊन गोठ्यात जाईन. काय बोललात ते मला नंतरही सांगू नका.

डिंकाची बाटली वाळली आहे. वहिनींनी पाकीट चिकटवायला भाताची शितं आणून दिली आहेत. काय लिहिलं ते विचारलं नाही. पाकीट मीच चिकटवते म्हणतात, म्हणून इथेच थांबतो.

तुझा,
भरतनाना