खुर्चीचं चाक आणि अंगणातल्या फटी

८ नोव्हेंबर
पुन्हा अडकली! सासूबाईंच्या चाकाच्या खुर्चीचं पुढचं लहान चाक अंगणातल्या दोन ब्लॉकच्या फटीत गेलं. त्या पुढे झुकल्या, मी धरलं म्हणून वाचल्या. "मले घरातच राहू दे वं." पाय अधू झाले म्हणून त्यांना नांदगाव खंडेश्वरहून इथे अमरावतीला आणलं, तेव्हापासून हेच. ब्लॉक बसवणाऱ्यानं फटींत नुसती माती लोटली होती. पावसात वाहून गेली.

ह्यांना म्हटलं, फटी मी भरते.
"तुले जमते काय?" — आणि हसले. बघूच!

९ नोव्हेंबर
प्लास्टरची उरलेली रेती टाकून पाहिली. जाड. आत उतरतच नाही! सगळी झाडून काढली.

११ नोव्हेंबर
रेतीवाल्या नियाजभाईंकडे गेले. त्यांनी दगडाची भुकटी पुढे केली. चिमटीत घेतली तर पीठच — पाणी पडलं की चिखल. नको म्हटलं.
"मंग हे पाहा, भाभी." धुतलेली, बारीक, तरी बोटाला टोचणारी. हीच!

१२ नोव्हेंबर
रेती ताडपत्रीवर वाळतेय. मांजर बसू नये म्हणून मीपण उन्हात.

१४ नोव्हेंबर
झालं!! खुरप्यानं फटी साफ केल्या, कोरडी रेती चाळून झाडूनं तिरपी लोटली. फटी नुसत्या पीत होत्या! ह्यांनी भाड्याचं ठोकायचं मशीन फिरवलं, की रेती खाली बसायची. पुन्हा भर, पुन्हा ठोक. काठाच्या किंचित खालीच ठेवली, म्हणजे झाडताना निघायची नाही.
हे म्हणाले, "राहू दे, उरलेलं उद्या." छे!
सासूबाई दारातून हुकूम सोडत होत्या — "तो कोपरा राह्यला वं!" कितीतरी दिवसांनी त्यांचा असा खणखणीत आवाज ऐकला.

१६ नोव्हेंबर
खुर्ची ढकलायला गेले, तर हात झटकला. "सोड. मी जातो."
आणि गेल्या! फाटकापर्यंत, वळून परत. एक हिसका नाही. शेजारच्या खुर्शीदबींनी विचारलं, कोणी केलं? "आमच्या सुनेनं!" — अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल असं. हे मान खाली घालून हसले, "मानलं तुले." आज मी कोणाला आवरणार नाही!

१९ नोव्हेंबर
चहा घेताना सासूबाई म्हणाल्या, "साधना, नांदगावचं अंगण बी असंच करून दे. आता मी माह्या घरी राह्यतो."
"करून देतो, आई," म्हटलं. मग आत येऊन रडले.