चुड्याच्या गाण्यातली थाप

आई, परवा दादाच्या पोरीच्या लग्नात तुझा हात वाजला. तू म्हणशील, काय बोलून राह्यलास, मला जाऊन किती वर्षं झाली. पण खरंच वाजला, अन् कोणालाच कळलं न्हाई. हे पाठवायचं कुठं हा प्रश्नच न्हाई, नुसतं लिहून राह्यलो.

माझं काम तुला कधी पटलं न्हाई. लोक गाणी विकतात, मी नुसते ठोके विकतो. कॉम्प्युटरवर गाणी बनवणाऱ्यांना हलगीचा, डफाचा, टाळीचा एकेक ठोका सुटा लागतो. तो मी रेकॉर्ड करतो, साफ करतो, संच बांधून इंटरनेटवर ठेवतो. "अन् लोक पैसे देतात? येडे हायेत का?" असं तू अंकुशनगरच्या क्वार्टरमध्ये भाकरी थापता थापता विचारलं होतंस. अण्णा कारखान्यावरून आल्ते, जेवायला बसले होते. मला तुझी थाप ऐकू आली. टाळीसारखीच, पण टाळीपेक्षा भरलेली. मी धावत जाऊन माइक आणला. अडचण एकच, प्रत्येक थापेबरोबर बांगड्या किणकिणायच्या. म्हणालो, आई, पाच मिनिटं काढून ठेव ना. काय भडकलीस! "तुझा बाप जित्ता बसलाय समोर, अन् हात मोकळे करू? अक्कल गहाण ठेवली का रे?" अण्णांना हसता हसता ठसका लागला. मंग किणकिणीसकटच घेतलं, पण ते माझ्या काही कामाचं न्हवतं.

अण्णा गेले तेव्हा आत्यानं, त्यांच्याच बहिणीनं, तुझ्या बांगड्या फोडल्या. तेरावं उरकलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी स्वयंपाकघरात आलो तर तू थापत होतीस, अन् आवाज बिलकुल कोरडा. मागं न बघता म्हणालीस, "आण तुझं यंत्र. आता वाजत न्हाई काही." मी नको नको म्हणत होतो. "घे म्हणते ना. कशाच्या तरी कामी येऊ दे." तू एक थाप मारायचीस, थांबायचीस, मान वर करून माझ्याकडं बघायचीस, बराबर आली का म्हणून. आई, ते बघणं मला अजून सोसत न्हाई. माझ्या सगळ्या ठोक्यांत लोकांनी सगळ्यात जास्त उचलली ती तीच थाप.

त्यानंतर घरात जेवढी लग्नं झाली, चुडा भरायची वेळ आली की तू कोठीच्या खोलीत. आत्याला सांगावंसुद्धा लागायचं न्हाई, आपणहून उठायचीस. दादाची पोरगी तेव्हा एवढीशी, तुझा पदर ओढायची, "आजी, चल ना, बांगड्या बघू." तू तिला खोबऱ्याचा तुकडा देऊन बाहेर पाठवायचीस.

परवा तिच्याच हातात कासारीण हिरव्या बांगड्या भरत होती. जालन्याचं मंगल कार्यालय, कोपऱ्यात डीजे. त्यानं कुठलंसं नाचाचं गाणं लावलं, अन् त्यात तुझी थाप. मी ती हजारात ओळखीन. आत्या आता पार वाकलीय, पण टाळ्या वाजवत म्हणते कशी, "अगं बाई, काय ठोका हाय! हात थांबतच न्हाईत." मला हसावं का रडावं कळेना. मंग वहिनी कुठं दिसेना म्हणून बघितलं. दादा गेल्या साली गेला, आई. नवरीची आई कोठीच्या खोलीत बसल्ती, ओटीचे नारळ पुसत. नवरीचं सगळं ध्यान त्या दाराकडं. 

मी तरातरा डीजेवाल्याकडं गेलो. माइक समोरच पडला होता. त्याला म्हणालो, "आवाज वाढव जरा." त्यानं वाढवला. मंग कोठीच्या दारापर्यंत गेलो. वहिनीला हाताला धरून बाहेर आणायचं, अन् आत्याला सगळ्यांदेखत सांगायचं की ज्या ठोक्यावर तिचे हात थांबत न्हाईत तो कोणाचा हाय, असं मनात होतं. वहिनीनं मान वर करून बघितलं, अगदी तू बघायचीस तसं.

"काही पाहिजे का, भावजी?"

मी म्हणालो, "पाणी."